पर्वतांचा पत्ता

आफ्रिकेच्या पश्चिम भागात, गिनीच्या आखाताच्या उत्तरेला, एक लांबलचक पर्वतरांग होती. कोंग पर्वत हे तिचं नाव. एकोणिसाव्या शतकात युरोपात छापलेले अॅटलास उघडले की ती ठसठशीत दिसायची. सुमारे नव्वद वर्षं शाळकरी मुलांनी तिचं नाव पाठ केलं. अडचण एवढीच होती की ती फक्त कागदावर होती.

तिला कागदावर आणणारा माणूस थापाड्या नव्हता. जेम्स रेनेल हा आपल्या काळातला पहिल्या प्रतीचा नकाशाकार. ईस्ट इंडिया कंपनीने १७६७ मध्ये त्याला बंगालचा सर्व्हेअर जनरल नेमलं होतं, आणि गंगा-ब्रह्मपुत्रेचं खोरं मोजून त्याने केलेले नकाशे पुढची कित्येक वर्षं वापरात राहिले. इंग्लंडला परतल्यावर त्याच्याकडे मंगो पार्क या स्कॉटिश प्रवाशाची टिपणं आली. पार्कने १७९६ मध्ये नायजर नदी पूर्वेकडे वाहताना स्वतः पाहिली होती आणि दूरवर दक्षिणेला काही डोंगरही त्याच्या नजरेला पडले होते. समुद्र दक्षिणेला असताना नदी पूर्वेची वाट का धरते? मध्ये काहीतरी आडवं असलंच पाहिजे. रेनेलने १७९८ च्या नकाशात दहाव्या उत्तर अक्षवृत्ताच्या आसपास एक आख्खी रांग ओढली आणि ती नेऊन भिडवली प्राचीन भूगोलकार टॉलेमीच्या काळापासून ऐकिवात असलेल्या 'चंद्रपर्वतां'ना. पुढच्या नकाशाकारांनी ती उतरवून घेतली.

१८८८ मध्ये लुई-गुस्ताव्ह बिंजर हा फ्रेंच अधिकारी प्रत्यक्ष कोंगला पोहोचला. आजच्या कोत द'इव्वार देशात हे गाव आहे. तिथे बाजारपेठ होती, मशिदी होत्या, व्यापारी होते. पर्वत नव्हता. गंमत म्हणजे त्याच वर्षी मे महिन्यात हेन्री स्टॅन्लीच्या मोहिमेला विषुववृत्तापाशी ढग फाटल्यावर बर्फाची शिखरं दिसली. ती रुवेन्झोरीची रांग, युगांडा आणि काँगो यांच्या सीमेवरची, ५,१०९ मीटर उंच. टॉलेमीचे चंद्रपर्वत ते हेच, असं मानायची पद्धत आहे. रेनेलने जोडलेल्या दोन रांगांपैकी एक वाफ होऊन उडून गेली आणि दुसरी एका अर्थी खरी निघाली.

रेनेलला हसणं सोपं आहे. पण पर्वत कुठेही, मन मानेल तसे उगवत नाहीत, त्यांच्या जागेला काही कारण असतं, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. त्याने धरलेलं कारण चुकीचं होतं, इतकंच. खरं कारण हाती यायला १९६० चं दशक उजाडावं लागलं.

जगाचा प्राकृतिक नकाशा भिंतीवर लावून दोन पावलं मागे सरकलं की तपकिरी रंगाचे दोन मोठे पट्टे उठून दिसतात. एक उभा, पॅसिफिक महासागराला वळसा घालणारा: दक्षिण अमेरिकेचा अँडीज, उत्तर अमेरिकेतल्या पश्चिमेकडच्या रांगा, अलास्का, मग पलीकडच्या काठाने जपान, फिलिपिन्स, न्यू गिनी, न्यूझीलंड. दुसरा आडवा, मोरोक्कोतल्या अॅटलासपासून निघून आल्प्स, कार्पेथियन, कॉकेशस, झाग्रोस, हिंदुकुश, हिमालय असं करत म्यानमारमार्गे इंडोनेशियापर्यंत जाणारा. जगातली बहुतेक उंच शिखरं या दोन पट्ट्यांत आहेत. भूकंपांचा नकाशा त्यावर ठेवला तर तो जवळजवळ तंतोतंत बसतो. पृथ्वीचं कवच काही मोठ्या आणि बऱ्याच छोट्या तुकड्यांचं बनलेलं आहे, हे तुकडे वर्षाला काही सेंटिमीटर सरकतात, आणि जिथे दोन तुकडे एकमेकांवर चालून येतात तिथे जमीन वर उचलली जाते. पर्वतांचा पत्ता शोधायचा तर आधी या तुकड्यांच्या कडा शोधाव्या लागतात.

अँडीज हे याचं सर्वांत सरळ उदाहरण. व्हेनेझुएला, कोलंबिया, इक्वेडोर, पेरू, बोलिव्हिया, चिली आणि अर्जेंटिना अशा सात देशांतून जाणारी, सुमारे ७,००० किलोमीटर लांबीची ही रांग जमिनीवरची सर्वांत लांब मानली जाते. तिच्या पश्चिमेला समुद्रतळाचा नाझ्का नावाचा तुकडा वर्षाला सहा-सात सेंटिमीटर या वेगाने दक्षिण अमेरिकेखाली घुसतो आहे. खाली गेलेल्या खडकातलं पाणी सुटतं, त्यामुळे वरचा खडक वितळतो, आणि ज्वालामुखींची माळ तयार होते. वरची जमीन चेपली जाऊन जाड होते ती वेगळीच. अर्जेंटिनातलं अकोनकाग्वा शिखर ६,९६१ मीटर उंच आहे. आशियाबाहेर याहून उंच काही नाही. म्हणजे सात हजारी शिखरं बघायची तर आशियातच यावं लागतं.

चार्ल्स डार्विनला अँडीजने जे शिकवलं ते गॅलापागोसच्या पक्ष्यांइतकं गाजलं नाही, हा थोडा अन्यायच आहे. २० फेब्रुवारी १८३५ रोजी चिलीच्या किनाऱ्यावर मोठा भूकंप झाला तेव्हा तो व्हाल्दिव्हियाजवळच्या रानात जमिनीवर आडवा पडून विश्रांती घेत होता. नंतर तो आणि कॅप्टन फिट्झरॉय कन्सेप्सिऑनच्या परिसरात गेले, तर समुद्राच्या पाण्याखाली असणारे शिंपल्यांचे थर उघडे पडून सडत होते. किनारा एका झटक्यात काही फूट वर आला होता. महिन्याभराने डार्विन खेचरांवर सामान लादून अँडीज ओलांडत होता, तेव्हा उस्पाल्याताच्या डोंगरात त्याला दगड बनलेल्या झाडांचे उभे बुंधे दिसले. ही झाडं कधीकाळी समुद्रकाठी वाढली, जमिनीसकट बुडाली, गाळाखाली गाडली गेली आणि मग वर उचलली जात इथवर आली, असा अर्थ त्याने लावला. असे काही फुटांचे हजारो धक्के एकापुढे एक रचले की अँडीज तयार होतो, हे त्याला तिथे उमगलं. १९६० मध्ये याच किनाऱ्यावर ९.५ तीव्रतेचा भूकंप झाला. यंत्रांनी नोंदलेला तो आजवरचा सर्वांत मोठा भूकंप.

अँडीजमध्ये माणूस पायथ्यापेक्षा वरच जास्त रमला. पेरू-बोलिव्हियाच्या सीमेवरचं टिटिकाका सरोवर ३,८१२ मीटरांवर आहे. बोलिव्हियाचा कारभार जिथून चालतो ते ला पाझ शहर साधारण ३,६०० मीटरांवर. नवख्या पाहुण्याला तिथल्या विमानतळावर उतरल्याबरोबर धाप लागते. टिटिकाकाच्या आसपासच्या याच उंच पट्ट्यात हजारो वर्षांपूर्वी बटाट्याची लागवड सुरू झाली. एकादशीच्या दिवशी महाराष्ट्रात जी भाजी आणि जो कीस होतो त्यातला मुख्य जिन्नस मूळचा अँडीजचा. साबुदाण्याचा कंद कसावा, तोही दक्षिण अमेरिकेचाच, पण तो सखल भागातला.

उत्तरेकडे गेलं की हिशोब जरा गुंतागुंतीचा होतो. रॉकी पर्वत किनाऱ्यापासून हजार-हजार किलोमीटर आत उभा आहे. कडेवर होणारी ढकलाढकली इतक्या आत कशी पोहोचली? बऱ्याच भूशास्त्रज्ञांचं उत्तर असं आहे की साधारण आठ ते साडेपाच कोटी वर्षांपूर्वी पॅसिफिकचा एक जुना तळ खंडाखाली तिरपा न जाता जवळजवळ आडवाच सरकत गेला आणि त्याने खालून घासत दूरवरची जमीन उचलली. या मताचे तपशील अजून वादात आहेत. अलास्कातलं डेनाली मात्र कडेजवळच आहे: ६,१९० मीटर, उत्तर अमेरिकेतलं सर्वोच्च.

आडव्या पट्ट्याची कथा एका हरवलेल्या समुद्राची आहे. टेथिस नावाचा महासागर एकेकाळी उत्तरेचे आणि दक्षिणेचे भूखंड वेगळे ठेवून होता. आफ्रिका, अरबस्तान आणि भारत एकेक करून उत्तरेला सरकले आणि तो मिटत गेला. आफ्रिकेच्या बाजूने आल्प्स उभे राहिले. फ्रान्सपासून स्लोव्हेनियापर्यंत आठ देशांत पसरलेले, लांबी जेमतेम १,२०० किलोमीटर. गिर्यारोहणाचा खेळ तिथे जन्मला म्हणून आल्प्सचं नाव जगभर झालं, एरवी उंचीच्या पंगतीत ते बरेच मागे बसतात. युरोपातलं सर्वोच्च शिखर म्हणून मों ब्लाँचं नाव घ्यायची सवय आहे, पण कॉकेशसमधलं एल्ब्रुस ५,६४२ मीटर आहे, म्हणजे त्याहून आठशे मीटरांहून अधिक उंच. कॉकेशस युरोपात धरायचा की नाही, यावर हा मान कुणाचा ते ठरतं.

अरबस्तान इराणला भिडला तिथे झाग्रोस पर्वत उठला. सतरंजी एका बाजूने ढकलली की तिला जशा ओळीने घड्या पडतात, तसाच तो विमानातून दिसतो. या घड्यांच्या कमानीखाली जुन्या समुद्रातल्या सेंद्रिय गाळापासून बनलेलं तेल अडकून बसलं. मे १९०८ मध्ये मस्जिद सुलेमान इथे झाग्रोसच्या पायथ्याशी पहिलं मोठं तेल लागलं आणि पश्चिम आशियाचं राजकारण कायमचं बदललं. जगाच्या तेलसाठ्यातला मोठा वाटा या एका पर्वताच्या पुढ्यात का आहे, याचं उत्तर त्या टकरीत आहे.

झाग्रोसच्या पूर्वेला, पामीरपाशी, आशियातल्या मोठ्या रांगांची गाठ पडते. नैऋत्येला हिंदुकुश, आग्नेयेला काराकोरम, पूर्वेला कुनलुन, ईशान्येला तिएन शान. शाळेच्या पुस्तकात 'जगाचं छप्पर' म्हणून हा भाग येतो आणि नकाशात रांगा भरायच्या प्रश्नात मुलांचे दोन गुण हमखास इथेच जातात. इथून पुढे हिमालय. पश्चिमेला सिंधूच्या वळणावर उभं असलेलं नंगा पर्वत आणि पूर्वेला ब्रह्मपुत्रेच्या वळणावरचं नामचा बारवा ही त्याची दोन टोकं मानतात. मधलं अंतर सुमारे २,४०० किलोमीटर. जगात आठ हजार मीटरांवरची शिखरं चौदा. दहा हिमालयात, चार काराकोरममध्ये, बाहेर एकही नाही.

भारताचा तुकडा आशियाला भिडला साधारण पाच कोटी वर्षांपूर्वी. भिडून थांबला नाही. आजही तो वर्षाला चार-पाच सेंटिमीटर उत्तरेकडे जातो आहे आणि त्यातला निम्म्याच्या आसपास भार हिमालयाच्या पट्ट्यात साठत राहतो. साठलेलं कधीतरी सुटतं, २५ एप्रिल २०१५ रोजी नेपाळमध्ये सुटलं तसं. टेथिसचा तळही या दाबात सापडून वर आला. एव्हरेस्टचा अगदी माथ्याचा दगड चुनखडक आहे, सुमारे ४५ कोटी वर्षांपूर्वी उथळ समुद्रात साचलेला, आणि त्यात समुद्री जिवांचे अवशेष आहेत. आठ हजार आठशे मीटर चढून जाणारा माणूस शेवटचं पाऊल ठेवतो ते समुद्राच्या तळावर. हे बघायला इतकं वर जायलाच हवं असं नाही. महाराष्ट्रातल्या कित्येक देवघरांत शाळिग्राम असतो. नेपाळात मुक्तिनाथच्या खाली काली गंडकीच्या पात्रात सापडणारा हा काळा गोल दगड. त्याच्या आतलं चक्र म्हणजे अॅमोनाइट या नामशेष झालेल्या समुद्री प्राण्याचं कवच. टेथिसचा एक रहिवासी रोज सकाळी तुळशीपत्र घेतो.

हिमालयाने माणसाला शिकवलेली सर्वांत खोल गोष्ट मात्र तिथून शेकडो किलोमीटर दूर, मैदानात उमगली. जॉर्ज एव्हरेस्टच्या हाताखाली त्रिकोणमितीय सर्वेक्षणाची माणसं मध्य भारतातल्या कल्याणपूरपासून उत्तर प्रदेशातल्या कालियानापर्यंतचं अंतर मोजत होती. दोन्ही ठाणी जवळजवळ एकाच रेखावृत्तावर, मध्ये सव्वापाच अंशांहून थोडं जास्त अंतर. एकदा जमिनीवर त्रिकोण जोडत मोजलं, एकदा ताऱ्यांवरून. दोन उत्तरांत ५.२ विकलांचा फरक आला. जमिनीवर हा फरक दीडशे मीटरांहून थोडा जास्त. इतक्या अंतरात हे काय मोठं, असं कुणीही म्हणेल. पण ही माणसं फुटा-इंचांची होती.

कलकत्त्याचे आर्चडीकन जॉन प्रॅट हे धर्मगुरू, पण गणिताचे. त्यांनी असं मांडलं की ताऱ्यांची उंची मोजताना ओळंबा लागतो, आणि कालियाना हिमालयाच्या जवळ असल्याने पर्वताचं वस्तुमान ओळंब्याला आपल्याकडे ओढत असणार. कल्पना बिनतोड होती. मग त्यांनी हिमालय आणि तिबेटचं वस्तुमान धरून गणित केलं, तर फरक १५.९ विकलांचा यायला हवा होता. प्रत्यक्षात आला त्याच्या एक तृतीयांश. कोडं आता उलटं झालं. ओळंबा वाकतो का हा प्रश्न राहिला नाही. एवढा प्रचंड पर्वत शेजारी असताना तो इतका कमी का वाकतो?

१८५५ मध्ये इंग्लंडचे राजज्योतिषी जॉर्ज एअरी यांनी उत्तर दिलं. पाण्यावर तरंगणाऱ्या लाकडांच्या तराफ्याकडे बघा, असं ते म्हणाले. जो ओंडका वर जास्त दिसतो तो पाण्याखालीही जास्त खोल गेलेला असतो. पर्वताचंही तेच. त्याच्या खाली हलक्या खडकाचं मूळ खोलवर, जड खडकात रुतलेलं असतं, आणि त्या हलकेपणामुळे वरच्या वस्तुमानाची ओढ बरीचशी फिटते. पुढे भूकंपलहरींनी हे पडताळता आलं. मैदानाखाली कवच चाळीसेक किलोमीटर जाड असतं, तिबेटखाली ते सत्तरच्या घरात जातं. प्रॅट यांना हे पटलं नाही. त्यांनी घनतेवर बेतलेली आपली वेगळी उपपत्ती दिली. आता दोघांनाही थोडं थोडं खरं मानतात.

पर्वताला मूळ असतं हे कळलं की म्हाताऱ्या पर्वतांचा उलगडा होतो. पाऊस, वारा आणि नद्या पर्वत झिजवत असतात. या वेगाने काही कोटी वर्षांत सगळं सपाट व्हायला हवं. पण वरचं ओझं कमी झालं की मूळ वर उचललं जातं, पुन्हा झीज, पुन्हा उचल. म्हणून उरल अजून उभा आहे. सुमारे २,५०० किलोमीटर लांब, सर्वोच्च शिखर नारोद्नाया जेमतेम १,८९५ मीटर, आणि जन्म तीस-पंचवीस कोटी वर्षांपूर्वीचा. आज तो कुठल्याही तुकड्याच्या कडेवर नाही, आशिया आणि युरोप यांच्या मधोमध आहे. कारण एके काळी तिथेच कड होती. दोन खंड जुळले, सांधा राहिला. युरोपची हद्द उरलवर आखावी हे अठराव्या शतकात वासिली तातिश्चेव्हने सुचवलं तेव्हा त्याला यातलं काही माहीत नव्हतं, तरी रेघ योग्य जागी पडली. १९४१ मध्ये जर्मन फौजा मॉस्कोकडे येऊ लागल्या तेव्हा सोव्हिएत सरकारने कारखाने उचलून उरलच्या परिसरात नेले. लोखंडाचं खनिज आणि पोलाद तिथे आधीपासून होतं. जुन्या सांध्यांत धातू असतात, हाही पर्वतांच्या पत्त्याचाच एक उपयोग.

अॅपलेशियन पर्वताचं उदाहरण याहून मजेशीर आहे. अमेरिकेच्या पूर्वेचा हा पर्वत, स्कॉटलंडचे उंच डोंगर, नॉर्वेतली रांग, पूर्व ग्रीनलंड आणि मोरोक्कोतल्या अँटी-अॅटलासचे काही भाग ही एकाच जुन्या घराण्याची माणसं. चाळीस ते तीस कोटी वर्षांपूर्वीच्या टकरींत ती घडली. मग मधोमध अटलांटिक उघडला आणि घराणं तीन खंडांत विखुरलं. अठराव्या शतकात स्कॉटलंड सोडून अमेरिकेत गेलेल्या हजारो कुटुंबांनी अॅपलेशियनच्या दऱ्यांत बस्तान मांडलं. आपण आपल्याच डोंगराच्या दुसऱ्या तुकड्यावर आलो आहोत, हे त्यांना कळायचं काही कारण नव्हतं.

भारतातला असा वडीलधारा म्हणजे अरवली. गुजरातपासून दिल्लीच्या 'रिज'पर्यंत सातशे किलोमीटरांच्या आसपास लांब, अबूजवळचं गुरुशिखर १,७२२ मीटर. घडण दीडशे कोटी वर्षांहून जुनी. उदयपूरजवळच्या जावरला दोन हजारांहून अधिक वर्षांपासून खाणकाम चालत आलं आहे. जस्त वितळवण्याच्या मातीच्या मुशींचे ढीग तिथे आजही दिसतात. जस्त काढणं भलतंच अवघड, कारण भट्टीत खनिजातून ते सुटतं तेच वाफ होऊन, आणि ही वाफ उडून जाण्याआधी थंड करून धरावी लागते. युरोपला ही विद्या बरीच नंतर साधली.

आता अंटार्क्टिका. तिथल्या ट्रान्सअंटार्क्टिक पर्वताची लांबी ३,५०० किलोमीटर, हिमालयाहून बरीच जास्त, आणि तो टकरीतून उठलेला नाही. खंड ताणला गेला, एक बाजू खचली, दुसरी बाजू कड होऊन वर राहिली. दक्षिण ध्रुवाकडे जाणाऱ्या प्रत्येकाला ही भिंत ओलांडावी लागे. रॉबर्ट स्कॉट आणि त्याचे सोबती फेब्रुवारी १९१२ मध्ये ध्रुवावरून परतताना याच पर्वतातल्या बिअर्डमोर हिमनदीकाठी दगड गोळा करत थांबले. उपासमार सुरू झाली होती, तरी सुमारे १६ किलो दगड त्यांनी स्लेजवरून शेवटपर्यंत ओढले. मृतदेहांजवळ सापडलेल्या त्या दगडांत ग्लॉसोप्टेरिस या नामशेष वनस्पतीच्या पानांचे ठसे निघाले. हीच पानं नागपूरजवळ कामठीच्या खडकांत एकोणिसाव्या शतकातच सापडली होती, आणि चंद्रपूर-वर्धा खोऱ्यातला कोळसा त्याच काळच्या रानांचा. अंटार्क्टिका आणि विदर्भ एकाच भूखंडाचे भाग होते, याचा हा एक भक्कम पुरावा ठरला.

याच खंडात आल्प्सएवढी एक रांग अशी आहे की जिचं एकही शिखर कुणी पाहिलेलं नाही. १९५८ मध्ये सोव्हिएत मोहिमेतली माणसं बर्फात स्फोट करून त्याची जाडी मोजत होती. तीन किलोमीटर खोल येणारा तळ एकाएकी काही शे मीटरांवर आला. गाम्बुर्त्सेव्ह हे नाव तिला पुढे मिळालं. २००८-०९ च्या सुमारास अनेक देशांच्या विमानांनी रडारने ती तपासली, तर शिखरं टोकदार आणि दऱ्या खोल. तिचं मूळ शंभर कोटी वर्षांपूर्वीचं असावं, असं २०११ मध्ये मांडलं गेलं. इतकी जुनी रांग झिजून बोथट का झाली नाही? बर्फानेच तिला सुमारे साडेतीन कोटी वर्षं झाकून जपलं, असं मानतात.

ट्रान्सअंटार्क्टिकसारखी, टकरीविना झालेली कड महाराष्ट्राच्या चांगल्या ओळखीची आहे. नाणेघाटाने कोकणातून चढणाऱ्याला सह्याद्री भिंत वाटतो. जुन्नरकडून त्याच घाटमाथ्यावर येणाऱ्याला मात्र पर्वत लागतच नाही, पठारावरून चालत येऊन तो एकदम कड्यावर उभा राहतो. १,६०० किलोमीटरची ही रांग मुख्यतः पठाराची फाटलेली किनार आहे. उत्तरेकडे तिचा खडक सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा, थरावर थर असलेला, कळसूबाईला १,६४६ मीटर. गोवा-बेळगावच्या सुमारास हा काळा पत्थर संपतो आणि कितीतरी जुने खडक सुरू होतात, तरी कडा तसाच पुढे जातो. केरळातल्या २,६९५ मीटरांच्या अनामुडीपाशी लाव्हाचा मागमूस नाही. खडक बदलला तरी कडा बदलत नाही, यावरून कड्याचं कारण खडकात नसून किनाऱ्यात आहे हे ओळखावं. दक्षिण आफ्रिकेतलं ड्राकेन्सबर्ग बघितलं की सह्याद्रीचा थोरला भाऊ भेटल्यासारखं वाटतं: तेच आडवे थर, तसाच तुटलेला कडा, फक्त लाव्हा १८ कोटी वर्षांपूर्वीचा आणि उंची थेट ३,४८२ मीटर.

पठाराचा कल कड्यापासून आत असल्यामुळे नद्यांची वाटही आत वळली. गोदावरी त्र्यंबकेश्वरला उगवते तेव्हा अरबी समुद्र ८० किलोमीटरांवर असतो, आणि ती जाते १,४६५ किलोमीटर चालून बंगालच्या उपसागराला. रेनेलची नायजर अशीच फसवी. तीही पूर्वेला बराच फेरा घेऊन मग दक्षिणेला वळते आणि गिनीच्या आखाताला मिळते, मधे कोंग पर्वत नसतानाही. आगगाडीला सह्याद्रीचा हा कडा चढवणं १८६३ मध्ये जमलं. बोरघाटात इतका चढ होता की गाडीला मधे थांबून दिशा उलटवून पुढे जावं लागे. त्यासाठी रिव्हर्सिंग स्टेशन बांधलं होतं.

कड्याचा दुसरा काठ कुठे गेला? तो सेशेल्सला आहे. साधारण ६.३ कोटी वर्षांपूर्वी भारत आणि सेशेल्सचा तुकडा वेगळे झाले आणि मधे समुद्रतळ तयार होऊ लागला. अरबी समुद्राच्या दक्षिणेला हा तळ आजही तयार होतो आहे, तोही एका डोंगररांगेवर. १९२८ ते १९३० या काळात जगप्रदक्षिणा करणाऱ्या डेन्मार्कच्या 'डाना' जहाजाने ती हुडकली. मोहिमेला पैसा कार्ल्सबर्ग या बिअर कंपनीच्या प्रतिष्ठानाचा होता, म्हणून रांगेचं नाव कार्ल्सबर्ग रिज. पर्वताला राजाचं नाव मिळतं, संताचं मिळतं. बिअरचं मिळालेला बहुधा हा एकच.

कार्ल्सबर्ग रिज हा एक छोटा दुवा आहे. सगळ्या महासागरांतून फिरणारी अशी मध्यसागरी रांग एकूण सुमारे ६५,००० किलोमीटर लांब आहे, अँडीजच्या नऊपट. पृथ्वीवरची सर्वांत लांब पर्वतरांग तीच. ती पाण्याबाहेर क्वचितच येते. आइसलंड हा तिचा सर्वांत मोठा उघडा तुकडा.

तिचं खरं रूप उलगडलं ते मेरी थार्पने. न्यूयॉर्कजवळच्या लॅमॉन्ट संस्थेत १९५२ मध्ये ती जहाजांनी आणलेल्या खोलीच्या आकड्यांवरून अटलांटिकच्या तळाचे छेद हाताने काढत होती. बायकांना त्या काळी संशोधन जहाजावर घेत नसत. आकडे आणायचं काम ब्रूस हीझन आणि इतर पुरुषांचं. रांगेच्या ऐन मधोमध, प्रत्येक छेदात, तिला एक खोल दरी दिसू लागली. जमीन तिथे फाटते आहे, असा त्याचा अर्थ. हीझनने ही बायकी बडबड म्हणून झटकून टाकली, कारण खंड सरकतात असं म्हणणं तेव्हा हास्यास्पद ठरायचं. मग समुद्रातल्या भूकंपांचे बिंदू वेगळ्या नकाशावर मांडले गेले आणि ते त्या दरीवर ओळीने पडले. फ्रेंच सागरसंशोधक झाक कुस्तोने थार्प चुकते आहे हे दाखवायला पाण्याखालून कॅमेरा ओढत नेला. १९५९ मध्ये न्यूयॉर्कच्या सागरविज्ञान परिषदेत त्याने दाखवलेल्या चित्रफितीत दरी होती.

थार्प आणि हीझन यांचा जगाच्या समुद्रतळाचा नकाशा १९७७ मध्ये पूर्ण झाला. ऑस्ट्रियाचे चित्रकार हाइनरिश बेरान यांनी तो रंगवला. जहाजं न गेलेल्या जागा थार्पने रांग कशी जाईल या अंदाजाने भरल्या होत्या. सोनारने प्रत्यक्ष मोजलेला समुद्रतळ आजही एकूण तळाच्या चौथाईच्या आसपासच आहे. बाकीचा, उपग्रहांनी समुद्राच्या पृष्ठाचा उंचसखलपणा मोजून त्यावरून काढलेला आहे.